निरोप आहे : डॉक्टर फार बोलतो

मुस्यू ब्रेसूल,

अर्जात मागणी पहिल्या ओळीत असावी, हा माझा आयुष्यभराचा नियम आपणांस ठाऊक आहे. साहेबाला दुसरी ओळ वाचायला सवड असतेच असे नाही. आज कागद पुढे ओढला, पहिली ओळ लिहायला बसलो, आणि मागणी काय हेच सुचेना. दिवंगत माणसाकडे काय मागावे, याचा नमुना फलटणच्या मामलेदार कचेरीबाहेर काढलेल्या इतक्या वर्षांत माझ्या हाताखालून गेलेला नाही. सबब पहिल्या ओळीची जागा कोरी सोडून पुढे लिहितो. सुचली की भरीन.

येथील मराठी मंडळाच्या अंकात हे छापून येणार आहे. संपादकबाईंनी फोन केला होता. "काका, थोडक्यात बायोडेटा द्या. जन्म, शिक्षण, किती सिरियल्स, अवॉर्ड्स वगैरे."

मी म्हणालो, "बाई, त्यांना अवॉर्ड नव्हते."

"मग काय होतं?"

प्रश्न रास्त आहे. उत्तर फोनवर देण्यासारखे नव्हते, म्हणून ते येथे देत आहे. जन्मतारीख मी तुम्हांला कधी विचारली नाही, आणि तुम्हीही माझी विचारली नाहीत.

आपली गाठ रायस्वाइकच्या ग्रंथालयात, डच बोलण्याचा सराव करण्याच्या टेबलावर पडली. मी पत्नीच्या नोकरीच्या आधाराने, 'अवलंबित' या सदराखाली या देशात आलेला. तुम्ही पत्नीच्या गावी येऊन इतकी वर्षे पत्नीच्याच जिभेवर काढलेले. आणि ती जीभ अलीकडे अडखळू लागली म्हणून म्हातारपणी पहिला धडा गिरवायला बसलेले. शिकवणाऱ्या बाईंनी एकेकाला धंदा विचारला. मी मोडक्या डचमध्ये सांगितले, "मी दुसऱ्यांसाठी लिहितो. सही ते करतात."

तुम्ही खुर्चीसकट माझ्याकडे वळलात. "मीसुद्धा," म्हणालात. "फक्त माझ्याकडे सह्या नट करतात. रस्त्यात, पोरींच्या वह्यांवर."

त्या दिवशी घरी जाताना तुम्ही मला 'मेत्र' म्हणालात. फ्रान्समध्ये वकिलाला आणि दस्तऐवज करणाऱ्याला या शब्दाने हाक मारतात, हेही सांगितलेत. माझे शिक्षण नववीत थांबले आहे हे मी प्रामाणिकपणे नमूद केले. त्यावर तुम्ही म्हणालात, की तुमचे कुठे थांबले ते तुम्हांला आठवत नाही, आणि पुन्हा 'मेत्र'च म्हणालात. संध्याकाळी पत्नी वृंदा ब्रेडाहून कामावरून आली, तेव्हा तिला ही हकीकत सांगितली. लॅपटॉपची बॅग खांद्यावरून उतरवत ती म्हणाली, "म्हणजे मास्तर? बरं झालं बाई, कुणीतरी म्हणालं."

ती थट्टा होती. पण मी तो किताब स्वीकारला होता, आणि अद्याप परत केलेला नाही.

मजकूर अर्जदाराला मोठ्याने वाचून दाखवल्याखेरीज मी सही घेत नाही. 'वाचून दाखविला, बरोबर आहे' हे शब्द खाली लिहायचे, आणि त्याखाली 'लिहिणार' म्हणून माझे नाव. तालुक्यात हा रिवाज पाळणारे आम्ही थोडेच होतो, हे मी गर्वाने नव्हे, वस्तुस्थिती म्हणून सांगतो. येथे माझ्याकडे येणारी माणसे पुण्या-मुंबईची, संगणकाच्या कंपन्यांतली. गावच्या तलाठ्याला किंवा सोसायटीच्या सेक्रेटरीला रीतसर मराठी अर्ज लिहायचा झाला, की त्यांना माझी आठवण होते. पण ऐकून घ्यायला कोणी थांबत नाही. "काका, पीडीएफ टाका ना व्हॉट्सॲपवर, सही करून पाठवतो." न वाचलेला अर्ज मला कच्च्या भाकरीसारखा वाटतो. सबब मी ते अर्ज तुम्हांला वाचून दाखवू लागलो. मराठीत.

तुम्हांला मराठीचा एक शब्दही येत नव्हता. तुमच्या स्वयंपाकघरात, त्या गोल टेबलाशी, तुम्ही डोळे मिटून ऐकायचात. पहिल्याच दिवशी मध्येच बोटाचे पेर टेबलावर आपटलेत. टक्.

"काय झालं?"

"इथे तुम्ही पळालात, मेत्र. इथे काहीतरी खोटं आहे."

मला संताप आला. ज्याला भाषा येत नाही, त्याने मजकुरावर बोट ठेवावे? पण कागद पाहिला. ओळ होती, 'अर्जदार अत्यंत हलाखीच्या परिस्थितीत दिवस कंठीत आहे.' अर्जदाराने त्याच महिन्यात नवी मोटार घेतली होती आणि तिला हार घालून काढलेला फोटो मला पाठवला होता. मी ती ओळ खोडली.

मग तुम्ही तुमचे जुने प्रसंग फ्रेंचमध्ये वाचायला घेतलेत. मलाही त्या भाषेचा एक शब्द येत नव्हता. खरे सांगतो, पहिली टकटक मी निव्वळ उट्टे काढण्यासाठी केली. तुम्ही थांबलात आणि ती ओळ काट मारून उडवलीत. मी विचारले, "खोटी होती?"

"नाही. फार सुंदर होती. म्हणूनच."

तेव्हापासून आपला शिरस्ता पडला. मी मराठी वाचायचे, तुम्ही टकटक करायची. तुम्ही फ्रेंच वाचायचे, मी टकटक करायची. माझी लेक मराठी समजते, पण उत्तर डचमध्ये देते, तेही जिन्यात. वृंदा आठवडाभर गाडीत आणि कचेरीत असते. घरी येते तोवर तिचे कान थकलेले असतात, त्याबद्दल माझी तक्रार नाही. घराच्या आसपास माझे मराठी शेवटच्या ओळीपर्यंत ऐकून घेणारा एकच माणूस होता, आणि त्याला मराठी येत नव्हते.

आता तुमच्या कारकिर्दीचा गोषवारा, संपादकबाईंच्या माहितीसाठी.

तुम्ही आरंभी आजारी चित्रपटांचे वैद्य होतात. दुसऱ्याने लिहिलेला चित्रपट मध्येच कोसळला, की निर्माता तुम्हांला बोलावून घ्यायचा. तुम्ही एखाद्या लहानशा हॉटेलात खोली घेऊन त्याला पायावर उभे करायचात आणि मागच्या दाराने निघून जायचात. नाव पहिल्याचेच राहायचे. असे किती चित्रपट तुमच्या हातून बरे होऊन गेले, ते तुम्ही सांगितले नाहीत. "रोग्याचं नाव सांगू नये," म्हणायचात. संपूर्ण तुमच्या नावावर असा चित्रपट एकच. तो पाहायला तुम्ही एका परगावच्या थिएटरात गेलात. शेजारच्या खुर्चीत एक गृहस्थ आरंभापासून झोपलेले. दिवे लागायच्या थोडे आधी ते जागे झाले आणि पडद्यावरची नावे शेवटपर्यंत लक्षपूर्वक वाचून बाहेर पडले. "माझा एकमेव वाचक," असे तुम्ही त्यांना म्हणायचात.

पुढे दूरदर्शनवर तुमची मालिका आली. कालव्यावर नावेतून फिरणारा एक डॉक्टर. दर आठवड्याला नवा बंधारा, नवे गाव, नवा रोगी. ही मालिका पुष्कळ वर्षे चालली. फ्रान्समधल्या आज्या त्या डॉक्टरला आपल्या गुडघ्यांची दुखणी सांगायच्या, म्हणजे त्याचे काम करणाऱ्या नटाला. एकदा पावाच्या दुकानात तो नट रांगेत पुढे होता आणि तुम्ही त्याच्या पाठीमागे. पाववाली त्याला म्हणाली, "किती छान बोलता हो तुम्ही!"

मी विचारले, "मग तुम्ही काय म्हणालात?"

"माझा नंबर आला. मी पाव मागितला."

"म्हणजे मागितलंत ना काहीतरी!" मी म्हणालो. तुम्ही इतके हसलात की ठसका लागला आणि मला उठून पाणी द्यावे लागले.

हसण्याचे कारण येथे सांगणे प्राप्त आहे. आपला एकच वाद होता आणि तो मागण्याबद्दल होता. माझे म्हणणे, माणसाने काय हवे ते स्वच्छ मागावे. न मागितलेले मिळाल्याचे उदाहरण सरकारदरबारी नाही. तुमचे म्हणणे, ज्या क्षणी पात्र हवे ते तोंडाने मागते, त्या क्षणी ते पात्र मेले. तुम्ही मला ते टेबलावर दाखवलेत. मिठाची बाटली म्हणजे बायको, मिरीची बाटली म्हणजे घर सोडून निघालेला नवरा. मिरी दाराकडे सरकली. मीठ काय म्हणेल?

"जाऊ नका," मी म्हणालो.

"शू. ती म्हणते, 'कोटाचं बटण सैल झालंय. काढा इकडे.'"

"मुस्यू, आमच्या तालुक्यात या बाईला बटण शिवून द्यावं लागेल आणि नवरा जाईल तो जाईलच."

"बटण शिवेपर्यंत तरी थांबेल," तुम्ही म्हणालात. "तेवढाच माझा एपिसोड."

तुमच्या पत्नी तिनेके, त्यांना मी 'वहिनी' म्हणतो. मित्राच्या पत्नीला आमच्याकडे दुसरा शब्द नाही, हे मी त्यांना समजावून सांगितले होते आणि त्यांनी तो डच उच्चारात दोनदा म्हणूनही पाहिला होता. परक्या भाषेतल्या मालिका या देशात मूळ आवाजातच दाखवतात आणि पडद्याच्या तळाशी डच ओळी येतात. तुमच्या डॉक्टरच्या तळाच्या ओळी वहिनी लिहायच्या. तुमची त्यांची तोंडओळखही नव्हती. एक दिवस त्यांनी थेट पॅरिसला फोन लावला.

"तुमचा डॉक्टर फार बोलतो. मला खाली दोन ओळी मिळतात. त्याचं अर्धं बोलणं मी फेकून देते. आणि खरं सांगू? काही बिघडत नाही."

तुम्ही विचारलेत, "कोणतं अर्धं?"

त्याचे उत्तर द्यायला त्यांना दुसरा फोन करावा लागला, मग तिसरा. पुढचे सर्वांना कळलेच.

पण डॉक्टर फार का बोलायचा, हे तुम्ही फक्त मला सांगितलेत. तो नट स्वतःची वाक्ये मोजायचा. एखाद्या भागात नावाड्याला त्याच्यापेक्षा जास्त बोलायला मिळाले, की त्याला ताप भरायचा आणि चित्रीकरण बंद पडायचे. सबब तुम्ही डॉक्टरला बोलते ठेवायचात. हे तुम्ही वहिनींना आयुष्यभर सांगितले नाहीत. मी म्हणालो, "खुलासा करायचा की! दोष तुमचा नव्हताच."

"सांगितलं असतं, तर तिने नटाला फोन केला असता."

लग्नानंतर तुमच्या घरी एक नेम झाला. मालिका लागली की वहिनी कोचावर बसायच्या. शेवटी डॉक्टरची नाव दूर जायची, नुसते पाणी उरायचे, आणि त्या पाण्यावर अक्षरे उमटायची, 'सेनारिओ ए दियालोग : ओक्ताव ब्रेसूल'. कथा आणि संवाद, तुमचे. वहिनी टाळ्या वाजवायच्या. टाळ्या संपल्या की म्हणायच्या, "डॉक्टर फार बोलला." आधी टाळ्या, मग तक्रार. उलट कधी झाले नाही, असे तुम्ही सांगायचात, आणि सांगताना तुमचा चेहरा पाहण्यासारखा व्हायचा.

मी तुम्हांला ओळखू लागलो तेव्हा वहिनी डेल्फ्टच्या शुश्रूषागृहात होत्या. कधी तुमचे नाव आठवायचे, कधी नाही. एका फ्रेंच वाहिनीने तुमची जुनी मालिका दुपारी पुन्हा दाखवायला घेतली, तेव्हा तुम्ही लहान मुलासारखे मला खिडकीतून हाका मारल्यात. त्या दिवशी शुश्रूषागृहात दोघांच्या मध्ये मी बसलो होतो. वहिनी टक लावून पाहत होत्या. नाव दूर गेली. पाणी उरले. वहिनींनी दोन्ही हात मांडीवरून उचलले आणि समोरासमोर धरले.

आणि चित्र आक्रसून कोपऱ्यात गेले. उरलेल्या पडद्यावर पुढच्या कार्यक्रमाची जाहिरात नाचू लागली. कोपऱ्यातली अक्षरे मुंगीएवढी होऊन सरसर वर निघून गेली.

वहिनींचे हात तसेच राहिले. कशासाठी उचलले होते ते त्यांना उमगेना. मग त्यांनी ते हळूच खाली ठेवले आणि तुमच्याकडे पाहिले, परक्या माणसाकडे पाहावे तसे.

मी त्याच दिवशी म्हणालो, की वाहिनीकडे तक्रार अर्ज करू. शेवटची नावे पूर्ण पडद्यावर दाखवा, एवढीच विनंती. तुम्ही नकारार्थी मान हलवलीत. स्वतःच्या नावासाठी तुम्ही उभ्या आयुष्यात तोंड उघडले नव्हते. पण रोज दुपारी ते हात वर व्हायचे आणि रिकामे खाली यायचे, आणि शेवटी एका संध्याकाळी तुम्ही कोटही न काढता माझ्या दारात उभे राहिलात.

"मेत्र, लिहा."

तो अर्ज माझ्या आयुष्यातला सर्वोत्तम अर्ज आहे. दुसऱ्या कोणी म्हणायच्या आत मीच म्हणतो. मी तो आधी मराठीत लिहिला, कारण माझी बुद्धी त्याच भाषेत ताठ उभी राहते. फ्रेंच तुम्ही करणार होतात. त्यात लिहिणाऱ्याचा हक्क होता, बंधारे होते, आज्यांचे गुडघे होते, आणि शेवटी वहिनींचे हात होते. मी तो तुम्हांला वाचून दाखवला. तुम्ही डोळे मिटून शेवटाजवळ आलात, आणि टक्.

ओळ होती, 'याखेरीज अर्जदाराची अन्य कोणतीही मागणी नाही.'

"हे शेवटी लिहावंच लागतं," मी म्हणालो. "रीत आहे."

"असेल. पण तुम्ही पळालात."

खुणावलेल्या ओळीचा अर्थ मी सांगितला, तेव्हा तुम्ही कागद स्वतःकडे ओढलात. मग मी एकेक ओळ मोडक्या डचमध्ये समजावून सांगितली आणि तुम्ही सगळ्याच कागदावर वहिनींची कात्री चालवलीत. दोन पाने होती, त्याच्या दोन ओळी केल्यात. हातांचा परिच्छेद साफ गेला. मी उठून उभा राहिलो.

"हातांवाचून अर्जात जीव नाही! साहेब तिथेच विरघळतो."

"तिचे हात कचेरीसाठी नाहीत, मेत्र."

"अहो, पण कारण कळायला नको?"

"कारण कळलं, तर तो दयेने नाव दाखवेल."

"दाखवेल ना? मग झालं!"

"नाही झालं," तुम्ही म्हणालात.

मी कागद गोळा केले. रागावलो होतो, हे तुम्हांला दिसत होते. मी जाकीट घालत असता तुम्ही पाठीमागून म्हणालात, "मेत्र, तुमच्या सायकलचा दिवा लागत नाही. उद्या घेऊन या. बघतो."

स्वतःच्या स्वयंपाकघरातला दिवा बदलायला तुम्ही मला बोलवायचात. मी म्हणालो, "कशाला? दुकानात देतो."

"हो," तुम्ही म्हणालात. "दुकान बरं."

दुसऱ्या दिवशी मी आलो नाही. राग दोन दिवस मुरू द्यावा, मग कागद घेऊन जावे, असा माझा बेत होता. पण राग मुरण्याआधीच तुमच्या खालच्या मजल्यावरच्या बाई रस्त्यात भेटल्या आणि हाताने छाती दाखवून, सोप्यात सोपे डच निवडून, त्यांनी मला सांगितले. पहाटे, झोपेत. मी त्यांना 'धन्यवाद' म्हणालो. त्या प्रसंगी म्हणायचा दुसरा शब्द मी अजून शिकलेलो नव्हतो.

अंत्यविधीला मी काळा सूट घालून आलो. खिशात भाषण होते. येथे कोणी बोलायचे हे आधीच ठरलेले असते, आणि ठरलेल्यांत मी नव्हतो. वहिनींची भाची थोडके बोलली, एक संगीत वाजले, मग बाहेर कॉफी आणि केक. पॅरिसहून कोणी आले नव्हते. एका गृहस्थांनी मला विचारले, "तुम्ही त्यांचे कोण?" माझ्याजवळ डचमध्ये नेमका शब्द नव्हता. मी म्हणालो, "त्यांनी मला ऐकलं आहे." त्यांनी मान डोलावली आणि केकची बशी पुढे केली.

आता पुढची हकीकत. ती तुम्हांला ठाऊक नाही, आणि त्यासाठीच हे लिहिणे.

अर्जदार मयत झाला तर अर्ज निकाली निघतो. मात्र वारस पुढे आल्यास चालू राहतो. हे मला पाठ आहे. तुमच्या वारस वहिनी. सबब मी दोन्ही मजकूर खिशात घालून, माझा लांबलचक आणि तुमचा दोन ओळींचा, कालव्याच्या कडेने सायकलवरून डेल्फ्टला निघालो. वहिनींना वाचून दाखवायचे, समजले का विचारायचे, आणि अर्ज पुढे चालवायचा. अर्जात हात ठेवायचे की काढायचे, ते आता त्यांनीच सांगावे, असा माझा पक्का विचार होता.

पोहोचलो तेव्हा मालिका चालू होती. तुमच्याबद्दल भाचीने त्यांना सांगितले होते, त्या रडल्या होत्या आणि नंतर विसरल्या होत्या, असे तेथल्या परिचारिकेने मला दारातच सांगितले. "पुन्हा सांगू नका, मेनेर," ती म्हणाली. "दर वेळी पहिल्यांदाच कळतं त्यांना."

मी तुमच्या खुर्चीत बसलो. डॉक्टर एका नावाड्याच्या बायकोशी बोलत होता; पुष्कळ बोलत होता. मग नाव निघाली. पाणी उरले. वहिनींनी हात उचलले. चित्र आक्रसून कोपऱ्यात गेले, जाहिरात सुरू झाली, आणि ते हात, मुस्यू, तसेच अधांतरी.

माझा हात खिशात अर्जावर होता. तो तिथेच राहिला. मी उठून उभा राहिलो. कचेरीच्या पडवीत, गर्दीत, बहिऱ्या अर्जदारालाही ऐकू जाईल अशा आवाजात मी वाचत असे. त्या आवाजात म्हणालो,

"सेनारिओ ए दियालोग : ओक्ताव ब्रेसूल!"

शेजारच्या खोलीतले एक आजोबा दचकले. परिचारिका दारात आली. आणि वहिनींनी टाळ्या वाजवल्या. घाईने नाही, एकामागून एक, नीट, मनापासून. संपल्यावर त्यांनी माझ्याकडे वळून पाहिले.

"तुम्ही लिहिलंत?"

तुमच्याजवळ लपवत नाही. आयुष्यभर मी लोकांच्या तोंडचे शब्द लिहिले, आणि हा प्रश्न मला कोणीही, कधीही विचारला नव्हता.

"नाही, वहिनी," मी म्हणालो. "मी फक्त वाचून दाखवलं."

"असं होय." त्या थोड्या पुढे वाकल्या, आवाज खाली आणला. "मग भेटला तर सांगा त्याला. डॉक्टर फार बोलतो."

नटाची हकीकत माझ्या ओठावर आली होती. दोष तुमचा नव्हता, हे सांगायला तिथे माझ्याखेरीज कोणी उरलेले नाही. मी ती गिळली. म्हणालो, "सांगतो."

तर निरोप पोचता करीत आहे. डॉक्टर फार बोलतो.

अर्ज मी पाठवलेला नाही, माझाही नाही आणि तुमचाही नाही. दुपारी मालिकेच्या वेळेला मी डेल्फ्टला जातो, पाणी आले की उभा राहतो आणि नाव वाचतो. शेजारचे आजोबा आता दचकत नाहीत. तेही दोन टाळ्या वाजवतात. वहिनी विचारतात, तुम्ही लिहिलंत? मी नाही म्हणतो. मग त्या निरोप देतात. भागामागून भाग, निरोप तोच. मालिका संपली की पुढे काय, याचा विचार मी केलेला नाही.

पहिल्या दिवशी परतताना काळोख पडू लागला होता. कालव्याच्या वाटेवर एका तरुण पोलिसाने हात दाखवून थांबवले. सायकलकडे बोट करून तो एकच शब्द म्हणाला, "दिवा?"

मी त्याच्याकडे पाहत उभा राहिलो. मिठाची बाटली, मिरीची बाटली, सैल झालेले बटण. उद्या घेऊन या, बघतो. तुम्ही मला थांबवत होतात, मुस्यू. आणि मी म्हणालो, दुकानात देतो.

पोलीस म्हणाला, "मेनेर, बरं वाटत नाही का? चालत जा, हातात धरून. असू द्या." मी चालत आलो. पाण्यावरून एक मालवाहू नाव गेली. अशा वेळी तुम्ही टोपी उचलायचात. माझ्या डोक्यावर हेल्मेट होते. मी तेच थोडे वर केले.

हा सर्व मजकूर आत्ता स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून मोठ्याने वाचला. वृंदाची गाडी यायची आहे. लेक वर आहे, तिचे दार बंद आहे. प्रत्येक परिच्छेदाशी थांबलो. जिथे मी पळालो असेन तिथे तुम्ही टकटक करावी, म्हणून टेबलाची तुमच्या बाजूची जागा मोकळी ठेवली होती. एके ठिकाणी वाटले, झाली. तो फ्रिज होता.

पहिली ओळ अजून कोरीच आहे. ती आता कोरीच राहू द्यावी, असे ठरवले आहे.

मुस्यू, सायकलचा दिवा अजून लागत नाही. दुकानात दिलेला नाही.

वाचून दाखविले.

लिहिणार,
आपला मेत्र